सेसील देक्युजिस : एक संकलक, एक भाडेकरार

1960 च्या मार्च महिन्यात पॅरिसमध्ये 'आ बू द सुफ्ल' नावाचा चित्रपट प्रदर्शित झाला. आपल्याकडे तो 'ब्रेथलेस' या इंग्रजी नावाने ओळखला जातो. दिग्दर्शक ज्याँ-ल्युक गोदार तेव्हा एकोणतीस वर्षांचा होता आणि हा त्याचा पहिलाच पूर्ण लांबीचा चित्रपट. फ्रान्समध्ये वीस लाखांच्या वर लोकांनी तो पाहिला. बर्लिनच्या महोत्सवात त्याच वर्षी गोदारला दिग्दर्शनाचे पारितोषिक मिळाले. सिनेमाच्या इतिहासाचे कोणतेही पुस्तक उघडा, या चित्रपटावर चार पाने असतात, आणि त्या चार पानांतली दोन तरी त्याच्या संकलनावर असतात. चित्र मध्येच उडी मारते, माणूस बोलत असताना त्याच्या मागचा रस्ता बदलतो, एका वाक्याच्या आत दुपारची संध्याकाळ झाल्यासारखी वाटते. जगभरच्या चित्रपट-शाळांत ही उडी अजून शिकवली जाते.

ही फिल्म ज्यांच्या टेबलावर कापली गेली त्या बाईंचे नाव मात्र त्या पुस्तकांत बहुधा कंसात येते. पडद्यावर तर ते मुळीच आले नव्हते. या चित्रपटाला श्रेयनामावलीच नाही. एक अर्पण, एक शीर्षक, आणि गोष्ट सुरू. नट, कॅमेरामन, संकलक, कुणाचेच नाव नाही. बाकीच्यांची नावे जाहिरातींनी आणि समीक्षकांनी लोकांपर्यंत पोहोचवली. सेसील देक्युजिस हे नाव 1960 साली वर्तमानपत्रात आले ते निराळ्या कारणाने. अल्जीरियाच्या स्वातंत्र्यासाठी लढणाऱ्या एफ.एल.एन. या संघटनेला मदत केल्याबद्दल त्यांना अटक झाली होती. शिक्षा झाली पाच वर्षांची.

आपल्या वाचकांपैकी अनेकांनी 'बॅटल ऑफ अल्जिअर्स' पाहिला असेल, निदान त्याच्याविषयी वाचले असेल. अल्जीरियाचा लढा म्हटले की कसबा, बुरख्याखालून बॉम्ब नेणाऱ्या तरुणी, छळछावण्या हे सगळे आठवते. पॅरिसच्या एका संकलन-खोलीतून या लढ्याकडे गेलेली वाट आपल्याकडे फारशी कुणी सांगितलेली नाही. म्हणून हा लेख.

आधी त्या खोलीविषयी थोडे. फ्रेंच भाषेत संकलनाला 'मोंताज' म्हणतात. हा शब्द कलेतून आलेला नाही, कारखान्यातून आलेला आहे. यंत्राचे सुटे भाग एकत्र बसवणे म्हणजे मोंताज, जोडणी. आणि सिनेमाच्या सुरुवातीला ते खरोखर कारखान्यातलेच काम होते. फिल्मच्या पट्ट्या तपासणे, कापणे, डिंकासारख्या रसायनाने चिकटवणे, एकेका चौकटीत कुंचल्याने रंग भरणे ही कामे बायका करीत. मेलिएसच्या चित्रपटांना हाताने रंग देणाऱ्या मादाम त्युलिए यांच्या कारखान्यात सुमारे दोनशे बायका कामाला होत्या. बोटे नाजूक, नजर बारीक, मजुरी कमी, असा मालकांचा हिशेब. शिवणकाम आणि विडीकाम ज्या तर्काने आपल्याकडच्या बायकांच्या वाट्याला आले, तोच हा तर्क. पुढे बोलपट आले, संकलन ही डोक्याची कामगिरी आहे हे कळले, तरी फ्रान्समध्ये त्या टेबलावर बायकाच राहिल्या. रन्वारच्या 'रूल्स ऑफ द गेम'ची संकलक मार्गरित रन्वार. त्र्युफोच्या 'फोर हंड्रेड ब्लोज'ची मारी-जोझेफ योयोत, मार्तिनिकच्या वंशाची, फ्रेंच सिनेमातली बहुधा पहिली कृष्णवर्णीय संकलक. पुढे तिला सेझार पारितोषिक तीनदा मिळाले. 'नवी लाट' म्हणून ज्या चळवळीचे आपण गोडवे गातो ती तरुण मुलांची चळवळ होती असे पुस्तके सांगतात. ती तरुण मुले दिवसभर रस्त्यावर चित्रण करीत आणि संध्याकाळी डबे घेऊन ज्यांच्याकडे जात त्या बहुतेक बायका होत्या.

सेसीलबाई त्यांपैकी एक. त्र्युफोने 1957 साली 'ले मिस्तों' हा लघुपट केला, त्याचे संकलन त्यांचे. गोदारच्या सुरुवातीच्या लघुपटांवरही त्यांनी काम केले. म्हणजे ही मंडळी प्रसिद्ध होण्याच्या आधीपासून, त्यांच्याकडे पैसे नसतानाच्या काळापासून, त्या त्यांच्याबरोबर होत्या. (दिग्दर्शकांना एकेरी आणि बाईंना अहोजाहो, असे माझे होते आहे खरे. राहू द्या.)

'आ बू द सुफ्ल'चे चित्रण 1959 च्या ऑगस्ट-सप्टेंबरात झाले. कॅमेरा हातात धरलेला, दिवे नाहीत, स्टुडिओ नाही, आवाज नंतर भरायचा. गोदार सकाळी संवाद लिहून आणायचा. असे चित्रण टेबलावर येते तेव्हा संकलकाची परीक्षा असते, कारण एका तुकड्याचा दुसऱ्याशी मेळ बसेलच याची हमी नसते. शिवाय पहिली जोडणी झाली तेव्हा चित्रपट फार लांब झाला होता. निर्मात्याला दीड तासाचा हवा होता. जवळजवळ तासभराचे चित्रण काढायचे, म्हणजे काय काढायचे? रीतीप्रमाणे एखादा प्रसंग, एखादे उपकथानक उचलून बाहेर ठेवतात. दिग्दर्शक मेलव्हिलने तसाच सल्ला दिला होता असे तो सांगे. गोदारने आणि सेसीलबाईंनी वेगळे केले. प्रसंग जवळजवळ सगळे ठेवले, पण प्रत्येक प्रसंगाच्या पोटात कात्री घातली. एकाच कोनातून घेतलेल्या चित्रातले मधले मधले तुकडे काढून टाकले आणि उरलेली टोके सरळ एकमेकांना जोडली.

उघड्या मोटारीत जीन सीबर्ग बसली आहे. कॅमेरा मागच्या सीटवर, तिची मान आणि आखूड केस दिसतात. बेलमोंदो गाडी चालवत तिच्याशी बोलतो आहे, तो दिसत नाही. त्याचे बोलणे सलग चालू राहते; पण तिच्या मागचे पॅरिस उड्या मारत जाते. ऊन, सावली, पुन्हा ऊन. संकलनाचा तोवरचा नियम असा होता की जोड दिसता कामा नये. पाहणाऱ्याला कळलेच नाही पाहिजे की इथे कापले आहे. चांगल्या दर्जीची शिवण जशी उलट बाजूला राहते तशी. इथे शिवण वरच्या बाजूला आली. गोदारने पुढे सांगितलेला किस्सा असा की अशा एका प्रसंगात बेलमोंदोचे तुकडे काढायचे की सीबर्गचे, हे त्यांनी नाणे उडवून ठरवले. किस्सा मजेदार आहे. पण नाणे उडवून फक्त कुणाला कापायचे ते ठरते. कुठल्या चौकटीवर कापायचे, किती ठेवायचे, बोलण्याचा श्वास कुठे तुटू द्यायचा नाही, हे नाणे ठरवत नाही. एका सेकंदाला चोवीस चौकटी. दोन चौकटी इकडे-तिकडे झाल्या तर जी उडी झोकदार वाटते ती चूक वाटू लागते. ते टेबलावर बसलेल्या माणसाला हाताने कळावे लागते.

ही सारी कल्पना गोदारची की बाईंची, या वादात मी पडत नाही. दोघांच्या कामाची ती वाटणी नव्हतीच. एवढे मात्र म्हणतो की इतिहासाने सगळे माप एकाच्याच पदरात टाकले.

आता दुसरी गोष्ट. 1830 पासून अल्जीरिया फ्रान्सच्या ताब्यात होता. नुसती वसाहत नव्हे. कायद्याने तो फ्रान्सचाच भाग समजला जाई. तिथल्या सुमारे नव्वद लाख मुसलमानांना सरकारी कागदावर नाव होते 'अल्जीरियाचे फ्रेंच मुसलमान'. फ्रेंच, पण मुसलमान. नागरिक, पण निराळ्या रकान्यातले. 1 नोव्हेंबर 1954 रोजी सशस्त्र उठाव सुरू झाला. फ्रान्सने त्याला कधी युद्ध म्हटले नाही. 'शांतता राखण्याची कारवाई' असे सरकारी शब्द होते. युद्ध हा शब्द फ्रेंच संसदेने अधिकृतपणे स्वीकारायला 1999 साल उजाडले. जे युद्धच नव्हते त्याची चित्रे दाखवण्याचा प्रश्न येत नव्हता. चित्रपटांवर सेन्सॉर, पुस्तकांवर जप्ती. आंरी आलेगने स्वतःवर झालेल्या छळाची हकीकत 1958 साली पुस्तकात लिहिली, ते काही आठवड्यांत जप्त झाले.

1957 मध्ये फ्रेंच लष्कराने ट्युनिशियाच्या सरहद्दीवर विजेच्या तारांचे कुंपण घातले. संरक्षणमंत्र्याच्या नावावरून तिला मोरीस रेषा म्हणत. त्या रेषेच्या अलीकडून-पलीकडून, गावे जळाल्यावर, बायका-मुले-म्हातारी माणसे ट्युनिशियात येत होती. संयुक्त राष्ट्रांच्या निर्वासित आयोगाने युरोपबाहेर हाती घेतलेली ही पहिली मोठी कामगिरी. युद्ध संपल्यावर ट्युनिशिया आणि मोरोक्कोतून परत नेलेल्या निर्वासितांची संख्या सुमारे दोन लाख होती.

त्या वर्षी सेसीलबाई कॅमेरा घेऊन तिथे गेल्या. संकलकाचे काम दुसऱ्याने टिपलेले जुळवण्याचे. इथे त्या स्वतः टिपायला गेल्या. निर्वासितांच्या छावणीतले ते चित्रण 'ले रेफ्युजिए', म्हणजे 'निर्वासित', या नावाच्या लघुपटाचे. आपल्या परिभाषेत बोलायचे तर त्या मुहाजिरांना पाहायला गेल्या होत्या. हिजरतीची गोष्ट आपण लहानपणापासून ऐकतो, आणि त्या गोष्टीत जितके महत्त्व मक्का सोडणाऱ्यांना तितकेच मदिन्याच्या अन्सारांना, हेही ऐकतो. पॅरिसला परत आल्यावर त्यांनी जे केले ते मला त्या गोष्टीच्या जवळचे वाटते.

त्यांनी एक जागा भाड्याने घेतली.

वाचणाऱ्याला यात काय मोठे असे वाटेल, पण ज्याला नाव सांगून घर शोधावे लागले आहे त्याला वाटणार नाही. आपल्याकडच्या मोठ्या शहरांत घर पाहायला गेलेल्या माणसाला हा अनुभव नवा नाही. फोनवर सगळे ठरलेले असते. भाडे, अनामत, चावी कधी मिळणार तेसुद्धा. मग नाव विचारले जाते आणि जागा नुकतीच दुसऱ्याला दिलेली असते. पॅरिसमधल्या अल्जीरियन माणसाची स्थिती याहून वाईट होती. कारखान्यात काम करणारा, झोपडपट्टीत किंवा पाच-सहा जणांच्या खोलीत राहणारा, पोलिसांनी रस्त्यात चेहरा पाहून थांबवलेला. त्याला बैठक घ्यायला, लपायला, कामगारांकडून जमा केलेल्या वर्गणीचे पैसे ठेवायला जागा हवी असे, आणि जागेच्या करारावर फ्रेंच नाव हवे असे. म्हणून त्या काळात फ्रान्समध्ये एफ.एल.एन.ला मदत करणाऱ्या गोऱ्या माणसांची कामे फार साधी दिसतात. बॅग इथून तिथे नेणे, गाडीतून कुणाला सोडणे, करारावर सही करणे. त्यांना 'सुटकेस वाहणारे' असे हिणवून म्हणत. पुढे तेच नाव मानाचे झाले. फ्रान्सीस जाँसाँ या तत्त्वज्ञाच्या गटावर 1960 च्या सप्टेंबरात खटला चालला, त्यात सहा अल्जीरियन आणि अठरा फ्रेंच आरोपी होते.

सेसीलबाईंवरचा ठपका हाच होता की त्यांच्या नावावरची जागा एफ.एल.एन.ची माणसे वापरत होती. 1960 मध्ये त्या पकडल्या गेल्या तेव्हा त्र्युफोच्या 'शूट द पियानो प्लेअर'चे काम चालू होते. त्या चित्रपटाच्या संकलनाला दोन नावे आहेत, क्लोदीन बूशे आणि सेसील देक्युजिस. एका चित्रपटाला दोन संकलक असणे ही नवलाची गोष्ट नाही; पण त्यांतली एक टेबलावर आणि दुसरी कोठडीत, असे क्वचितच झाले असेल.

पाच वर्षांच्या शिक्षेपैकी सुमारे दोन वर्षे त्यांनी तुरुंगात काढली. पॅरिसमध्ये बायकांचा तुरुंग म्हणजे 'पेतित रोकेत'. 1961 च्या फेब्रुवारीत अल्जीरियाच्या प्रकरणांतल्या सहा कैदी बायका रात्री तिथली भिंत ओलांडून पळाल्या, त्यांत फ्रेंच होत्या, अल्जीरियन होत्या आणि एक इजिप्तची होती. फ्रान्सभर त्याची चर्चा झाली. त्या सहांत सेसीलबाई नव्हत्या.

बाहेर त्यांच्या ओळखीच्या माणसांपुढे प्रश्न उभा होता. सप्टेंबर 1960 मध्ये एकशे एकवीस लेखक-कलावंतांनी एक जाहीरनामा काढला की अल्जीरियन लोकांविरुद्ध शस्त्र उचलायला नकार देणे योग्य आहे आणि त्यांना आसरा देणे समर्थनीय आहे. सार्त्र, सिमोन द बोव्हार, दिग्दर्शक अलँ रने, नटी सिमोन सिन्योरे. त्र्युफोनेही मागाहून सही केली. त्र्युफो राजकारणापासून दूर राहणारा माणूस. त्याच्या चित्रपटांतून प्रेम, पुस्तके आणि लहान मुले यांखेरीज फारसे काही सापडत नाही. पण आपल्याच संकलन-खोलीतली बाई आसरा दिल्याबद्दल तुरुंगात आहे ही गोष्ट त्याच्या डोळ्यांपुढे असणारच. सही करणाऱ्यांना सरकारी रेडिओ आणि टेलिव्हिजनचे दरवाजे बंद झाले. गोदारने सही केली नाही. त्याने अल्जीरियाच्या प्रश्नावर 'ल पती सोल्दा' हा चित्रपट केला, त्यात फ्रेंचांच्या बाजूने काम करणाऱ्या तरुणाला एफ.एल.एन.ची माणसे छळतात असे दाखवले. डावे रागावले, सरकारने बंदी घातली. तो 1963 मध्ये दिसला. त्याचे संकलन प्रामुख्याने आन्येस गिलमो या बाईंनी केले आणि पुढची सहा-सात वर्षे गोदारचे जवळजवळ सगळे चित्रपट त्यांच्याच टेबलावर गेले. आपण गोदारचा सुवर्णकाळ म्हणतो तो हाच. सेसीलबाई बाहेर असत्या तर तो काळ कुणाच्या हातांतून गेला असता, असा विचार मनात येतोच. तुरुंगाने त्यांची दोन वर्षे घेतली असे म्हणणे म्हणूनच अपुरे वाटते.

त्या तुरुंगात असताना, 17 ऑक्टोबर 1961 रोजी, पॅरिसच्या रस्त्यांवर अल्जीरियन लोकांनी निदर्शने केली. कारण असे की पोलीसप्रमुख मोरीस पापोनने 'अल्जीरियाच्या फ्रेंच मुसलमानांनी' रात्री घराबाहेर पडू नये असा फतवा काढला होता. आमच्याच भाषेतला शब्द वापरतो, कारण तो शोभतो. माणसे बायका-मुलांसह, चांगले कपडे घालून, हातात काही न घेता आली होती. पोलिसांनी त्यांना मारले, काहींना सीन नदीत फेकले. तेव्हाच्या सरकारने मेलेल्यांचा आकडा एका हाताच्या बोटांवर मोजण्याइतका सांगितला. इतिहासकार शंभरच्या वर, काही दोनशेच्या घरात सांगतात. झाक पानिजेलने त्या घटनेवर केलेला 'ऑक्टोबर इन पॅरिस' पोलिसांनी जप्त केला. चित्रपटगृहात तो रीतसर लागला 2011 मध्ये. 2021 साली राष्ट्राध्यक्ष माक्राँनी त्या रात्रीचे गुन्हे प्रजासत्ताकाला अक्षम्य असल्याचे म्हटले. साठ वर्षे लागली.

18 मार्च 1962 ला एव्हियाँचा करार झाला, 5 जुलैला अल्जीरिया स्वतंत्र झाला.

सेसीलबाई पुन्हा कामाला लागल्या. आणि इथून पुढचा भाग मला सर्वांत जास्त विचार करायला लावतो. त्यांचे पुढचे मोठे काम आहे ते एरिक रोमेरबरोबरचे. रोमेर कॅथलिक, जुन्या वळणाचा, राजकारणात उजवीकडे झुकणारा, अतिशय खाजगी माणूस. आणि त्याच्या टेबलावर दोन वर्षे तुरुंगात काढून आलेली डावी बाई. 1969 चा 'माय नाइट ॲट मॉड्स', 1970 चा 'क्लेअर्स नी', 1972 चा 'लव्ह इन द आफ्टरनून', 1976 चा 'मार्कीझ ऑफ ओ', 1978 चा 'पर्सिव्हाल', मग 'एव्हिएटर्स वाइफ', 'पोलीन ॲट द बीच' आणि 1984 चा 'फुल मून इन पॅरिस'. पंधरा वर्षे. मते जुळल्याशिवाय माणसे एकत्र काम करू शकत नाहीत असे आपण धरून चालतो, निदान आपल्या साहित्यवर्तुळात तरी. या दोघांना तशी गरज पडलेली दिसत नाही.

काम तर आधीच्या अगदी उलट. रोमेरच्या चित्रपटांत माणसे बोलतात. जेवताना, चालताना, अंथरुणाच्या कडेला बसून, तासभर. तो एखादे चित्र फार वेळा घेत नसे. पहिलेच घेतलेले बरेचदा ठेवी. म्हणजे संकलकाला निवड करायला माल कमी. मग काय उरते? एवढेच, की बोलणाऱ्याकडे किती वेळ पाहायचे आणि ऐकणाऱ्याकडे केव्हा वळायचे. 'मॉड'मध्ये पाहा, ती बाई बोलत असताना आपण पुष्कळ वेळ ऐकणाऱ्या पुरुषाचा चेहरा पाहत राहतो. तो सभ्यपणे ऐकतो आहे की घाबरला आहे, हे त्याच्या ओळींत नाही, त्या थांबण्यात आहे. जिने सिनेमातली सर्वांत दिसणारी कात्री चालवली, तिनेच पुढे पंधरा वर्षे अशी कात्री चालवली जी कुणाला दिसत नाही. मला विचाराल तर दुसरे काम अवघड. पण त्यावर कुणी प्रकरणे लिहीत नाही.

यात तिसरा एक धागा आहे आणि तो लपवला तर लेख खोटा पडेल. ज्या संघटनेसाठी या फ्रेंच बायका तुरुंगात गेल्या ती काही फरिश्त्यांची नव्हती. एफ.एल.एन.ने विरोधातल्या अल्जीरियनांनाही मारले, आणि सत्ता मिळाल्यावर पंचवीसहून अधिक वर्षे दुसरा पक्ष उभा राहू दिला नाही. ज्या अल्जीरियन बायकांनी बॉम्ब वाहिले, छळ सोसला, त्यांच्यासाठी 1984 साली जो कौटुंबिक कायदा आला त्यात प्रौढ स्त्रीला लग्नासाठी वली लागे आणि नवऱ्याची आज्ञा पाळणे तिच्या कर्तव्यांत मोजलेले होते. त्याच बायका त्या कायद्याविरुद्ध पुन्हा रस्त्यावर आल्या. 2005 मध्ये थोडी दुरुस्ती झाली. 1984 नंतर वर्षभरात आपल्याकडे शाहबानोचा निकाल लागला आणि 1986 मध्ये त्याचे काय झाले ते आपल्या पिढीला सांगायला नको. आपले लोक लढा बायकांच्या खांद्यावर देतात आणि विजय झाल्यावर खांदा परत मागतात, हे अल्जीरियापुरते नाही.

पण म्हणून सेसीलबाईंची सही चुकली असे मला म्हणवत नाही. त्यांनी एका राजवटीला भावी सदाचाराचे प्रमाणपत्र दिले नव्हते. ज्यांची गावे जळाली त्यांना त्यांनी ट्युनिशियात प्रत्यक्ष पाहिले होते, आणि ज्यांना त्यांच्याच शहरात छप्पर मिळत नव्हते त्यांना छप्पर दिले होते. आमच्यातले काही जण विचारतात की, गैरमुस्लिमांनी आमच्यासाठी कधी काय केले? हा प्रश्न ऐकला की मला या बाईंची आठवण होते. आणि त्यासोबत त्याचा उलटा प्रश्नही आठवतो, जो आम्ही स्वतःला कमी वेळा विचारतो.

1957 च्या त्या छावणीतले चित्रण त्यांनी टाकून दिले नव्हते. अर्धशतकाहून अधिक काळ गेल्यावर ते पुन्हा टेबलावर आले आणि 2011 मध्ये त्याचा एक छोटा चित्रपट तयार झाला, जेमतेम पंधरा मिनिटांचा. नाव 'ला दिस्त्रिब्युस्याँ द पँ', म्हणजे 'भाकरीचे वाटप'. तोवर सेल्युलॉइडच्या पट्ट्या, त्यांवर खुणा करायच्या मेणाच्या पेन्सिली, कापडी पिशव्यांत लोंबणारे तुकडे, हे सगळे संकलन-खोल्यांतून गेले होते. 2017 च्या जूनमध्ये सेसील देक्युजिस वारल्या. मारी-जोझेफ योयोतही त्याच वर्षी गेली.